विमान आलं, विमान आलं!

दोस्तांनो, एक बेट आहे. बेटावर एक मनोरा, मनोऱ्यात घंटा. पांढराशुभ्र सूट घातलेला एक छोटासा माणूस तुरुतुरु जिना चढतो, घंटा वाजवतो आणि आकाशाकडे बोट दाखवून ओरडतो, "विमान आलं, विमान आलं!"

'फँटसी आयलंड' या अमेरिकन टीव्ही मालिकेची ही सुरुवात. मनातली इच्छा पुरी करायला पाहुणे विमानानं या बेटावर यायचे. बेटाचा मालक झाला होता रिकार्दो माँटलबान. पण लोकांच्या तोंडी बसलं ते त्याच्या छोट्या मदतनिसाचं, टॅटूचं वाक्य!

हा टॅटू म्हणजे फ्रेंच नट एर्वे व्हिलशेझ. उंची तीन फूट अकरा इंच. म्हणजे तुमच्यापैकी बरेच जण त्याच्याहून उंच असाल! २३ एप्रिल १९४३ रोजी पॅरिसमध्ये तो जन्मला. वडील स्वतः सर्जन. उपचार खूप झाले, पण उंची काही वाढली नाही. एर्वे मात्र हातात ब्रश घेऊन बसला. चित्रकला शिकला आणि १९६४ साली थेट अमेरिकेला गेला. इंग्रजी कुठे शिकला, माहीत आहे? टीव्ही बघून!

१९७४ साली 'द मॅन विथ द गोल्डन गन' हा जेम्स बाँडचा सिनेमा आला. त्यात खलनायक होता क्रिस्टोफर ली आणि त्याचा नोकर निक नॅक होता आपला एर्वे. शेवटी बाँड या निक नॅकला चक्क सुटकेसमध्ये कोंबतो. थिएटरात हशा पिकतो. पण जरा विचार करा हं. उंच नटाला कुणी असं सुटकेसमध्ये घातलं असतं का? बुटक्या माणसानं नोकर व्हायचं, नाहीतर हसवायचं, असंच तेव्हा बहुतेकांनी ठरवून टाकलं होतं.

१९७७ पासून टॅटू घरोघरी पोचला. मग एर्वे म्हणाला, "मलाही माँटलबानइतकाच पगार द्या." निर्मात्यांना ते पटलं नाही. १९८३ मध्ये एर्वेला मालिका सोडावी लागली. पुढच्याच वर्षी, १९८४ मध्ये मालिकाही बंद पडली.

नंतरचे दिवस कठीण गेले. दुखणी वाढली, मन खचलं. ४ सप्टेंबर १९९३ रोजी, वयाच्या पन्नासाव्या वर्षी, त्यानं स्वतःचं जीवन संपवलं. वाचून वाईट वाटतं ना? म्हणून एक सांगून ठेवते. मन कधी असं अंधारून आलं, तर एकट्यानं सोसायचं नाही. आईबाबांना, बाईंना, ताईदादाला, कुणाला तरी सांगायचंच. आणि आईबाबांनो, मूल सांगायला आलं, की हातातलं काम बाजूला ठेवून ऐका.

२०१८ साली एर्वेच्या आयुष्यावर सिनेमा निघाला. त्याची भूमिका केली पीटर डिंकलेजनं. डिंकलेजचीही उंची कमीच. पण तो काही कुणाच्या सुटकेसमध्ये बसला नाही! 'गेम ऑफ थ्रोन्स' या मालिकेतल्या कामासाठी त्यानं चार वेळा एमी पुरस्कार पटकावला.

तुमच्या वर्गात कुणी ठेंगणं असेल, तर त्याला काय हाक मारता? 'बुटक्या', 'ठेंगू'? अहो, त्याला छानसं नाव आहे की! उद्यापासून त्याच नावानं हाक मारा. माराल ना?