माळवदाचे माप घ्या

सिनेमातली गोष्ट परभणीकडची असते आणि पडद्यावर दिसते उतरत्या छपराचे कौलारू घर. पुण्या-मुंबईचा प्रेक्षक ते चालवून घेतो. सेलू-पाथरीच्या माणसाला मात्र पहिल्याच दृश्यात खटकते. त्याचे जुने घर माळवदाचे. लाकडी तुळया, त्यांवर किलचांची दाटी, वर पांढऱ्या मातीचा जाड थर, पावसाचे पाणी काढून द्यायला भिंतीबाहेर आलेली पन्हळ आणि तिच्याखाली वर्षानुवर्षांचा ओघळ. तो ओघळ भिंतीवर किती गडद उतरवायचा, हा कलादिग्दर्शकाचा प्रश्न.

या कामाला सजावट समजण्याची आपली सवय जात नाही. उन्हाळ्यात माणसे माळवदावर झोपतात, बायका तिथेच कुरडया वाळत घालतात, शेजारणीशी बोलणेही वरच्या वर होते. घर कौलारू केले की हे सारे प्रसंग अंगणात उतरवावे लागतात. म्हणजे पटकथाच बदलते. उजेडही बदलतो. माळवदाच्या खोलीत झरोक्यातून एकच तिरीप पडते आणि बाकीची खोली भरदुपारी अंधारी राहते.

ही जाण मराठी माणसाला नवी नाही. रंगवलेल्या पडद्यांवर काम भागत होते त्या काळात कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी खरीखुरी खोली असलेले नेपथ्य उभे केले. ‘तमस’पासून या क्षेत्रात उमेदवारी केलेल्या नितीन चंद्रकांत देसाईंनी ‘लगान’साठी भुजजवळ कुनरियाला चंपानेर वसवले, ते स्थानिक लोकांना हाताशी धरून आणि कच्छी घरांची धाटणी राखून. कलादिग्दर्शनाचे चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवणारा हा माणूस २ ऑगस्ट २०२३ रोजी गेला, तेव्हा चर्चा झाली ती कर्जतच्या स्टुडिओची आणि कर्जाची. त्याच्या कामाच्या पद्धतीवर फारच थोडे बोलले गेले, याचे वाईट वाटते.

परभणी जिल्ह्यात चित्रकलेचा हात असलेली मुले कमी नाहीत. त्यांना एटीडी ही पदविका करून चित्रकलेचे शिक्षक होण्याची वाट माहीत असते, दुकानांच्या पाट्या रंगवण्याची माहीत असते. सिनेमाच्या कला विभागात सहायक म्हणून शिरता येते, पुढे वेशभूषेपासून भिंतीच्या रंगापर्यंत चित्रपटाचे सारे रूप ठरवणारा प्रॉडक्शन डिझायनर होता येते, हे त्यांना कुणी सांगत नाही. सांगायला हवे, आणि पहिला अभ्यास गावातच द्यायला हवा. जिल्ह्यातल्याच वालूरच्या गावकऱ्यांनी आपली चक्राकार बारव गाळ उपसून मोकळी केली. जुन्या घरांसाठी तर तेवढे श्रमही नकोत; नुसता टेप, वही आणि मोबाइल पुरेल. ढेलजेची रुंदी, बळदाचे तोंड, खणांची संख्या, दाराच्या कडीची उंची, मातीचा नेमका रंग, सगळे टिपून ठेवा. दर उन्हाळ्यात स्लॅब टाकण्यासाठी माळवदे उतरवली जात आहेत. निदान उतरवण्याच्या आदल्या दिवशी तरी त्यांचे माप घेतले जावे.