हमीपत्राची तारीख आधी पाहा

आमच्या टपालात सध्या एकाच प्रकारच्या तक्रारी येत आहेत. निवृत्तीला महिना-दोन महिने उरले की सेवापुस्तक वेतन पडताळणी पथकाकडे जाते, पंधरा-वीस वर्षांपूर्वीच्या वेतननिश्चितीत चूक निघते आणि उपदानातून वसुलीचा आदेश येतो. त्याच आठवड्यात आस्थापना शाखा एक छापील कागद पुढे करते: जादा प्रदान झाले असल्यास वसुलीस माझी हरकत नाही. सही केली नाही तर प्रकरण महालेखापालांकडे जाणार नाही, असे तोंडी सांगितले जाते. घरी मुलीचे लग्न असते, कर्जाचे हप्ते असतात. माणूस सही करतो. पुढे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात (मॅट) सादरकर्ता अधिकारी तोच कागद दाखवतो आणि ‘जगदेव सिंग’ निकालाचा हवाला देतो.

हा निकाल आपल्यापैकी किती जणांनी मुळातून वाचला आहे? वसुलीचे दोन्ही महत्त्वाचे निकाल चंदीगडहून, पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयातून सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या प्रकरणांतले आहेत. पहिला रफीक मसीह, 18 डिसेंबर 2014. निकालाच्या शीर्षकात त्यांच्या नावापुढे ‘व्हाइट वॉशर’ असे लिहिले आहे. इतक्या खालच्या पायरीवरचा कर्मचारी पंजाब सरकारसमोर उभा होता. वसुली कुठे करता येणार नाही, याचे पाच प्रसंग त्यात आहेत आणि ते आपल्याला पाठ आहेत. पहिला वर्ग तीन व चारचा, दुसरा निवृत्तांचा व वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांचा.

दुसरा जगदेव सिंग, 29 जुलै 2016. हे न्यायिक अधिकारी होते. सुधारित वेतनश्रेणी घेताना, म्हणजे पैसे हातात पडण्याआधी, त्यांनी हमीपत्र दिले होते. अशा माणसाला दुसऱ्या प्रसंगाचा आधार मिळणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. दुसऱ्या प्रसंगाचा, एवढेच! वर्ग तीन व चारला संरक्षण देणाऱ्या पहिल्या प्रसंगाला या निकालाने हात लावलेला नाही. शिवाय त्यांच्याकडूनही रक्कम एकदम वसूल करू दिली नाही. दोन वर्षांत समान मासिक हप्त्यांनी घ्यायला सांगितले.

असे असताना शिपाई, वाहनचालक, कनिष्ठ लिपिक यांच्या मूळ अर्जात ‘अर्जदार सेवानिवृत्त आहे’ एवढेच लिहून आपले वकील थांबतात, याचा आम्हाला संताप येतो. दुसऱ्या प्रसंगावरच उभे राहिलात तर हमीपत्राचा एक कागद तुम्हाला पाडतो. पद वर्ग तीनचे आहे, हे पहिल्या परिच्छेदात लिहा. मग हमीपत्राची तारीख लिहा. वेतननिश्चितीच्या वेळी दिलेले हमीपत्र आणि निवृत्तीच्या आदल्या आठवड्यात घेतलेली सही या वेगळ्या गोष्टी आहेत. राजपत्रित अधिकाऱ्याने वेतननिश्चितीच्याच वेळी हमीपत्र दिले असेल तर लढाई अवघड आहे, हे त्याला आधीच सांगावे. खोटी आशा दाखवू नये. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्याला मॅटकडे नव्हे, उच्च न्यायालयात जायचे आहे, हेही अर्ज परत आल्यावर कळू नये.

आणि खातेप्रमुखांना विचारायचे आहे: निवृत्तिवेतनाची कागदपत्रे दोन वर्षे आधीपासून तयार करायला घ्यावीत, असे 1982 चे निवृत्तिवेतन नियम सांगतात. ती दोन वर्षे जातात कुठे? चूक कार्यालयाची, पडताळणीतला उशीर कार्यालयाचा, आणि कपात मात्र त्या माणसाच्या उपदानातून. प्रशासकीय दिरंगाईमुळे उपदान तीन महिन्यांपलीकडे लांबले तर नियम 129-अ प्रमाणे व्याज द्यायचे असते. ते मागणीशिवाय दिल्याचे कळवणारे एकही पत्र आमच्याकडे आलेले नाही.

तालुका शाखांच्या चिटणीसांनो, पुढच्या दोन वर्षांत निवृत्त होणाऱ्या प्रत्येक सभासदाच्या सेवापुस्तकात पडताळणी पथकाचा शिक्का आहे की नाही, हे याच महिन्यात पाहा. नसेल तर कार्यालयाला लेखी पत्र द्या आणि पोच घ्या. वेतनश्रेणीच्या विकल्पासोबत दिलेल्या हमीपत्राची प्रत आताच मागून ठेवा. शेवटच्या आठवड्यात कोणी नवा कागद पुढे केलाच तर सहीखाली त्या दिवसाची तारीख स्वतःच्या हाताने घाला, वर ‘हक्क अबाधित ठेवून’ असे लिहा, आणि टेबल सोडण्यापूर्वी त्याचा फोटो काढा.