बारा रुपयांचे भोजन आणि दारिद्र्याची रेषा

जुलै २०१३ मध्ये नियोजन आयोगाने देशातील दारिद्र्याचे आकडे प्रसिद्ध केले. शहरवासी मनुष्याचा मासिक खर्च १,००० रुपयांहून अधिक झाला, की तो दरिद्री नव्हे, हा त्या आकड्यांचा पाया होता. त्याच सुमारास खासदार राज बब्बर यांनी मुंबईत १२ रुपयांत पोटभर जेवण मिळते असे सांगितले. पुढे त्यांस खेद व्यक्त करावा लागला.

मिरा-भाईंदरच्या हिशेबी व्यापाऱ्यांपुढे आम्ही हा जमाखर्च मांडतो. दिवसाचे ३३ रुपये जमा, दोन वेळच्या भोजनाचे २४ रुपये खर्च, शिल्लक ९. लोकलचे किमान तिकीट ५ रुपयांचे, म्हणजे जाऊन-येऊन १०. तेव्हा गरीब कामावर गेला की एका रुपयाने कर्जात! खोलीचे भाडे आणि औषधपाणी तर अजून खाती पडावयाचेच आहे. काटकसरीचा हा धडा देणाऱ्या आयोगाच्या स्वतःच्या कचेरीत दोन शौचालयांच्या नूतनीकरणास सुमारे ३५ लाख रुपये लागल्याचे २०१२ साली उघडकीस आले होते. धन्य तो विवेक!

तो आयोग २०१५ साली गेला. परंतु रेषा आखणारी वृत्ती गेली काय? अन्नसुरक्षा कायद्याच्या अंमलासाठी महाराष्ट्र सरकारने २०१३ साली शहरी कुटुंबाची उत्पन्नमर्यादा वार्षिक ५९,००० रुपये ठरविली. भाईंदरच्या कारखान्यात स्टीलच्या ताटांस चकाकी आणणारा कामगार रोज २०० रुपयांप्रमाणे ३०० दिवस राबला, तर त्याची कमाई ६०,००० होते. एवढ्याने तो संपन्न ठरून स्वस्त धान्यास मुकावा, हा कोणता न्याय?

धनवान असणे हा अपराध आहे, असे आम्ही मुळीच म्हणत नाही. परंतु ज्याने भाव कधी विचारला नाही, त्याने दुसऱ्याच्या भुकेचा भाव ठरवू नये. ज्याचे जळते त्यालाच कळते. सर्वोच्च न्यायालयाच्या २००३ च्या निकालाने उमेदवाराची मालमत्ता जाणण्याचा हक्क मतदारास मिळाला आहे. ते प्रतिज्ञापत्र वाचावे, आणि दाराशी येणाऱ्या उमेदवारास स्पष्ट विचारावे: धान्याची उत्पन्नमर्यादा बाजारभावाबरोबर दरवर्षी वाढविण्यास तुम्ही विधिमंडळात बोलाल काय? उत्तर न मिळाल्यास मत कोणास द्यावयाचे नाही, हे सुज्ञांस सांगणे नलगे.