साकव कोणाच्या खाती?

पावसाळा तोंडावर आला की आमच्या संग्रामपूर तालुक्यात पांदणरस्त्यांची चर्चा सुरू होते. मुरूम किती पडला, दबाई झाली की नाही, यांवर बैठका रंगतात. रस्त्यांविषयी लिहिणारे पुष्कळ आहेत. आम्हांस आज त्या रस्त्याच्या तुटक्या जागेविषयी, म्हणजे नाल्याविषयी, लिहावयाचे आहे. सातपुड्यातून उतरणारे आमचे नाले वर्षातील बहुतेक दिवस कोरडे असतात. परंतु डोंगरात पाऊस झाला की येथे ऊन पडलेले असतानाही लोंढा येतो. 22 जुलै 2023 रोजी संग्रामपूर व जळगाव जामोद या तालुक्यांत आलेला पूर कोणी विसरले नसेल. अशा वेळी पलीकडे निंदणास गेलेल्या बायांनी घरी कसे यावे? पाणी ओसरेपर्यंत बसावे, नाही तर एकमेकींचे हात धरून पाण्यात उतरावे.

कोकणात यास तिसरा मार्ग फार पूर्वीपासून आहे. त्याचे नाव साकव. वहाळाच्या दोन काठांवर लांब ओंडके टाकावयाचे, त्यांवर आडवे दांडे किंवा फळ्या बांधावयाच्या, व धरावयास एका बाजूने बांबू. हे काम गावकरी मिळून करीत. लाकूड कुजणार हे त्यांस ठाऊक असे. म्हणून दरसाल साकव तपासणे व कुजके दांडे काढून नवे घालणे हा गावच्या कामांपैकीच एक भाग असे.

थंड देशांतील लोकांनी हाच प्रश्न निराळ्या रीतीने सोडविला. त्यांनी लाकडी पुलास घरासारखे छप्पर घातले. हे छप्पर वाटसरूच्या डोक्यासाठी नव्हे, मुख्यतः तुळयांसाठी होते. भिजणे व वाळणे आलटून पालटून चालू राहिले की लाकडास बुरशी धरते व सांधे प्रथम जातात. अमेरिकेत फिलाडेल्फिया येथे 1805 मध्ये पुरा झालेल्या पुलाचा कारागीर टिमोथी पामर याचे मत असे होते की, उघडा पूल दहा-बारा वर्षे टिकेल, तर झाकलेला तीस-चाळीस. स्वित्झर्लंडातील ल्युसर्न शहरी रॉइस नदीवरील छपरी पादचारी पूल चौदाव्या शतकातला. 18 ऑगस्ट 1993 च्या आगीत त्याचा मोठा भाग जळाला, व पुढील एप्रिलात तो पुन्हा खुला झाला. नगरास तो आपला वाटत होता, म्हणूनच इतकी त्वरा झाली, असे आम्ही समजतो.

म्हणजे एकाकडे छप्पर, दुसऱ्याकडे वार्षिक दुरुस्ती. आमच्याकडे दोन्ही नाहीत, व लोखंड किंवा सिमेंट वापरले म्हणजे दोहोंची गरज नाही अशी समजूत मात्र आहे. 15 जून 2025 रोजी मावळ तालुक्यातील कुंडमळा येथे इंद्रायणीवरचा जुना लोखंडी पादचारी पूल माणसांच्या गर्दीसह कोसळला. चार जीव गेले, पन्नासाच्या आसपास लोक जखमी झाले. पूल धोकादायक असल्याची पाटी तेथे होती. पाटी लावणे म्हणजे देखभाल नव्हे.

महसुली दप्तरात आमचे आयुष्य गेले. त्यावरून एक गोष्ट सांगतो. 1966 च्या जमीन महसूल अधिनियमातील कलम 143 अन्वये शेतकऱ्यास बांधावरून वाट मागता येते. वाट अडविली तर 1906 च्या मामलेदार न्यायालय अधिनियमाचा आधार आहे. कायद्याने वाट मिळते, नाल्यावर पाय टाकावयास फळी मिळत नाही. गावाने आपल्या हाताने फळी टाकली, तर ती सातबारावर नसते व नकाशातही नसते. जी वस्तू कोणाच्याच खाती नाही, तिच्या दुरुस्तीचा रुपया कोण मंजूर करणार?

कोणी म्हणतील, रपटा बांधून घ्या. रपटे आम्ही पाहिले आहेत. पहिल्या पुरात पऱ्हाट्या व काटक्या येऊन नळकांड्या बुजतात व पाणी वरून वाहू लागते. बैलगाडीस रपटा हवाच, यात वाद नाही. माणसाच्या पायास त्याहून उंच जागा हवी. आम्ही वान नदीवर साकव टाका म्हणत नाही. वीस-पंचवीस फुटांच्या नाल्यांपुरतीच ही सूचना आहे. छपराचाही आमचा हट्ट नाही. आमच्या वावटळीत पत्रे उडून कोणाच्या तरी शेतात जातील! परंतु तुळयांची टोके मातीत न पुरता दगडी ओट्यावर ठेवावीत, त्यांस डांबर द्यावे, व साकवाची नोंद ग्रामपंचायतीच्या स्थावर मालमत्तेच्या वहीत ठरावाने करून घ्यावी. त्या ठरावात वैशाखात साकव तपासणाऱ्या दोन इसमांची नावे असावीत. संस्थेच्या सभासदांनी आपापल्या शिवारातील असे नाले येत्या मृगापूर्वी पाहून ठेवावेत. 2023 च्या पुराची खूण काठच्या बाभळीच्या खोडावर दिसत असेल, किंवा जुन्या माणसांस ती ठाऊक असेल. साकवाची उंची त्या खुणेपासून निदान दोन हात वर धरावी.