धरण भरले, शहर बुडाले

सुरतेचे नाव निघाले की मराठी मनासमोर 1664 आणि 1670 ही दोन साले उभी राहतात. आज आम्ही वाचकांचे लक्ष त्या शहराकडे वेधीत आहोत ते मात्र 2006 सालासाठी. त्या वर्षीच्या ऑगस्टात तापीच्या पुराने सुरतेचा सुमारे तीन-चतुर्थांश भाग व्यापला. रांदेर, अडाजण यांसारख्या वस्त्यांतून घरे पाण्याखाली गेली, वीज गेली, आणि चोहीकडे पाणी असता प्यावयास पाणी मिळेना.

हा दैवी कोप म्हणून मोकळे होणे सोपे आहे. परंतु सुरतेच्या वर सुमारे शंभर किलोमीटरांवर उकाईचे धरण 1972 पासून उभे आहे, आणि पुराला आळा घालणे हे त्याच्या उद्दिष्टांपैकीच एक. मग धरण असता शहर बुडाले कसे? एकाच जलाशयाकडून आपण दोन परस्परविरोधी कामे घेतो, हे त्याचे उत्तर आहे. कालव्यांना आणि विजेला तो भरलेला हवा. पुराला तो रिकामा हवा. ऑगस्टात वरून लोंढे आले तेव्हा ते सामावून घेण्याइतकी जागा जलाशयात उरली नव्हती. अखेर सेकंदास नऊ लाख घनफुटांच्या घरात पाणी खाली सोडणे भाग पडले. पुढे पाऊस दगा देईल या भीतीने धरण लवकर भरून ठेवण्याचा मोह आम्ही समजू शकतो. दुष्काळ पाहिलेल्या कोणालाही तो समजेल. पण हवा एका अंशाने तापली की ती सुमारे सात टक्के अधिक बाष्प धरून ठेवू शकते. महिन्याचा पाऊस चार दिवसांत कोसळू लागल्यावर जुन्या पर्जन्यमानावर आखलेली पाणीपातळीची कोष्टके किती काळ पुरणार?

आणि तो पाऊस पडतो कोठे? तापीच्या खोऱ्याचा जवळजवळ चार-पंचमांश भाग महाराष्ट्रात आहे. पाऊस खानदेश-वऱ्हाडात, दरवाजे गुजरातेत! वरच्या राज्यातील पर्जन्यमापकाचा आकडा खालच्या राज्यातील धरणावर वेळेवर पोचला नाही, तर कसलाही अभियंता आंधळाच. सुरतेने हे ओळखले. 2008 पासून आशियाई शहरांच्या हवामानविषयक उपक्रमात सामील होऊन तिने वरच्या खोऱ्यातील पावसावरून जलाशयात येणाऱ्या पाण्याचा अंदाज बांधण्याची आणि वस्त्यांना आगाऊ इशारा देण्याची व्यवस्था उभारली. 1994 च्या प्लेगनंतर दोन वर्षांत स्वच्छ शहरांच्या पंक्तीत जाऊन बसलेल्या या नगरीला मनावर घेतले की काय होते, हे ठाऊक आहे. तेवढ्याने नदीपात्रालगतची बांधकामे हटत नाहीत, हेही खरे.

सुरतेची ही कथा आम्ही येथे का सांगतो, हे सीमाभागातील वाचकांस वेगळे सांगावयास नको. 2019 च्या ऑगस्टात कोल्हापूरचे पाणीउपसा पंपच पुरात बुडाले आणि शहर तहानले. निपाणीजवळ वेदगंगेने पुणे-बंगळूर महामार्ग अडविला. त्या पुराचे खापर आपल्याकडे सरसकट अलमट्टीवर फोडले गेले. महाराष्ट्राने नेमलेल्या वडनेरे समितीने मात्र अलमट्टीला दोषी धरले नाही. हा निष्कर्ष अनेकांस रुचला नाही. आम्हांसही तो प्रथम रुचला नव्हता. परंतु समितीवर चिडून पंप उंचावर जात नाहीत, की पुलाखालची वाट मोकळी होत नाही.

दोन राज्यांचा सीमातंटा न्यायासनापुढे आहे. कृष्णा आणि वेदगंगा त्या निकालासाठी थांबणार नाहीत. म्हणून आमची मागणी आजची आहे. कोयना, राधानगरी, हिडकल आणि अलमट्टी या चारही धरणांची पातळी व विसर्ग पावसाळाभर रोज सकाळी जाहीर व्हावा. पूररेषेतील प्रत्येक गावाच्या चावडीवर तो मराठी आणि कानडी अशा दोन्ही भाषांत लावला जावा. आणि पुढचा मृग लागण्यापूर्वी प्रत्येक नगरपालिकेने आपले पाण्याचे पंप, वीजकेंद्र आणि दवाखाना 2019 च्या पूरखुणेच्या वर आहेत की खाली, हे मोजून नागरिकांपुढे ठेवावे.