न्यायाआधी नागपूरची वारी

सासर अमरावतीचे, माहेर अकोल्याचे. छळाला कंटाळून स्त्री माहेरी परतते. खटला मात्र अमरावतीतच चालतो. २०२३ पासून स्त्रियांना एस.टी.चे भाडे निम्मे झाले. पण तारखेपायी बुडालेली मजुरी कोण देणार? सत्र न्यायाधीशांना आपल्या विभागाबाहेर खटला वर्ग करता येत नाही. त्यासाठी उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे अर्ज हवा. म्हणजे १०० किलोमीटरचा हेलपाटा टाळण्यासाठी २५० किलोमीटरची वारी! आरोपीचीही बाजू ऐकली जावी; पण अंतर हीच फिर्यादीची शिक्षा ठरू नये. माहेरच्या गावीही छळाची फिर्याद देता येते, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये दिला. १९८७ च्या कायद्यानुसार स्त्रीला, उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. हे हक्क वऱ्हाडातील प्रत्येक उंबरठ्यापर्यंत नेणे, हे कार्यकर्त्यांचे कर्तव्य आहे.