संकटाचे आभार कसले मानता?

संकट माणसाला घडवतं, असं सांगणारा कुणी भेटला की मी त्याला आधी विचारतो, संकट कुणावर आलं होतं? बहुतेक वेळा ते दुसऱ्यावर आलेलं असतं. रान करपलं दुसऱ्याचं, गिरणी बंद पडली दुसऱ्याची, घरातलं कर्तं माणूस गेलं दुसऱ्याचं. त्यातून निघालेली शिकवण मात्र सांगणाऱ्याच्या नावावर. सभागृहं भरवून, पुस्तकं छापून, रोज सकाळी फोनवर सुविचार धाडून हा उपदेश अखंड चालू आहे. मला तो खोटा वाटतो, आणि त्याहून जास्त निर्दयी वाटतो.

संकटातून काही उभं राहिल्याचा दाखला हवा असेल तर आपल्याकडे १९७२चा दुष्काळ आहे. तो भोगलेली माणसं अजून हयात आहेत. त्यांच्याजवळ बसा. ती परदेशातून आलेल्या मिलो ज्वारीच्या भाकरीबद्दल सांगतील, दुष्काळी कामांवर वाटलेल्या सुकडीबद्दल सांगतील, उन्हात फोडलेल्या खडीबद्दल सांगतील. मे १९७३ मध्ये महाराष्ट्रातल्या दुष्काळी कामांवर सुमारे ५० लाख माणसं होती. काल ज्याच्या शेतात चार गडी राबत होते, तो आज त्याच गड्यांच्या शेजारी बसून दगड फोडत होता. या माणसांना भुकेने काय शिकवलं, असं विचारण्याची हिंमत मला होत नाही. भूक दावणीची जनावरं कवडीमोलाने विकायला लावते, पोराची शाळा सोडवते, घराला कुलूप लावून गाव सोडायला लावते. एवढंच तिचं कर्तृत्व.

घडवलं ते माणसांनी. मजुरी वेळेवर मिळावी, काम बंद पडू नये म्हणून कामावरच्या मजुरांनी मोर्चे काढले, संप केले. मुंबईत मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर या नेत्यांसोबत हजारो बायका महागाईविरुद्ध लाटणी घेऊन रस्त्यावर आल्या. मागेल त्याला काम द्यायचं, ही विधान परिषदेचे तेव्हाचे सभापती वि. स. पागे यांची कल्पना तर दुष्काळाच्या आधीची. १९६५ साली तासगाव तालुक्यातल्या विसापूरला तिचा प्रयोग सुरू झाला होता. दुष्काळाने ती जन्माला घातली नाही. दुष्काळात ती हाताशी तयार होती आणि तिच्यासाठी भांडणारी माणसं होती, म्हणून ती टिकली. १९७७ साली रोजगार हमीचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो लागू झाला. देशाने असा कायदा करायला २००५ साल उजाडावं लागलं.

या हमीला पैसा कुठून आला? नोकरदारांच्या पगारातून दरमहा व्यवसाय कर कापला जातो. १९७५ साली तो बसवला गेला तो या हमीचा खर्च भागवण्यासाठी. शहरातल्या पगारदाराने खेड्यातल्या मजुराच्या कामाचा भार उचलायचा, असं या राज्याने ठरवलं. त्या मजुराला कुणी धीराचे दोन शब्द ऐकवून परत पाठवलं नाही.

पुण्याचे अभियंते आणि उद्योजक विलासराव साळुंखे त्याच काळात पुरंदर तालुक्यात गेले. खडी फोडणारी माणसं पाहून त्यांनी त्यांच्या सोशिकपणाचं कौतुक केलं नाही. डोंगरावर पडलेलं पाणी गावात का थांबत नाही, हा प्रश्न त्यांनी धरला आणि नायगावच्या माळावर जाऊन राहिले. त्यातून पाणी पंचायत निघाली. तिचे नियम असे: पाण्याचा वाटा जमिनीवर ठरणार नाही, घरातल्या माणसांवर ठरेल. भूमिहीनालाही पाण्याचा हक्क राहील. ऊस लावायचा नाही. संकटातून अर्थ काढणं म्हणजे काय, असं मला कुणी विचारलं तर मी हे नियम दाखवीन.

आणि जिथे असे नियम झाले नाहीत तिथे काय झालं तेही पाहा. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईतले सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. तो संप रीतसर मागे घेतलाच गेला नाही; कामगार तेवढे विस्कटले. गिरण्या बंद पडल्या आणि त्यांच्या जमिनींवर मॉल आणि टॉवर उभे राहिले. कामगारांचे वारस आजही घरांच्या सोडतीकडे डोळे लावून आहेत. कष्टाने माणूस आपोआप मोठा होत असता तर लालबाग-परळच्या त्या चाळींतून सगळी माणसं मोठी होऊन बाहेर पडायला हवी होती. वाढली ती जमिनीची किंमत.

या उपदेशकांना व्हिक्टर फ्रँकल फार आवडतो. नाझींच्या छळछावण्यांतून वाचलेल्या या मानसोपचारतज्ज्ञाचं नाव घेतलं की वाक्याला वजन येतं. पण दुःखातही अर्थ शोधता येतो, एवढं त्याचं अर्धंच म्हणणं हे उपदेशक सांगतात. दुःख टाळता येत असेल तर त्याचं कारण दूर करणं हेच अर्थपूर्ण, उगाच सोसण्यात कसलंही शौर्य नाही, असं त्याने स्पष्ट मांडलं आहे. हे अर्धं गाळायचं आणि उरलेलं अर्धं विकायचं, याला मी अप्रामाणिकपणा म्हणतो.

आज हा उपदेश सर्वांत जास्त कुणाला पाजला जातो? पुण्यात सदाशिव पेठेतल्या अभ्यासिकांमध्ये सरकारी नोकरीच्या परीक्षांसाठी बसलेल्या पोरापोरींना. जाहिरात कधी निघेल माहीत नाही. निघाली तर परीक्षा कधी, परीक्षा झाली तर निकाल कधी आणि निकाल लागला तर नेमणूक कधी, तेही माहीत नाही. गावाकडे बाप शेत गहाण ठेवून मेसचे पैसे पाठवतो. आणि व्यासपीठावरून यांना सांगितलं जातं की अनिश्चितता तुम्हाला कणखर बनवते. ही अनिश्चितता आभाळातून पडलेली नाही. ती कुणाच्या तरी टेबलावर पडून राहिलेल्या फायलीतून येते. तिला गुरू म्हणणं म्हणजे त्या टेबलामागच्या माणसाला मोकळं सोडणं.

माणूस संकटातून मोठा होतच नाही, असं मी म्हणत नाही. होतो, पण कुणाच्या तरी आधाराने आणि स्वतःच्या झगड्याने होतो. माझ्या पडत्या काळात मला कुठल्या सुविचाराने उभं केलं नाही. उसने दिलेले पैसे वर्षभर परत न मागणाऱ्या मित्राने उभं केलं. काही गोष्टींवर इलाज नसतो. मरणावर नसतो, काही आजारांवर नसतो. तिथे ज्याचं दुःख त्याने त्याचा अर्थ लावावा, आणि बाकीच्यांनी गप्प बसून त्याच्या घरी डबा पोचवावा.

जिथे इलाज आहे तिथे मात्र गप्प बसू नका. वेळेवर निकाल मागा, मजुरी मागा, पाण्याचा वाटा मागा, आणि मागणाऱ्याच्या बाजूला जाऊन उभे राहा. स्वतःच्या दुःखाला गुरू मानायचं असेल तर खुशाल माना. दुसऱ्याचं दुःख आपल्यावरचं देणं असतं, आणि देणं प्रवचनाने फिटत नाही.